पडद्यामागचा समुद्र

माझ्या नवऱ्याच्या प्रत्येक पुस्तकाच्या कव्हरवर पिस्तूल असतं आणि आत कधी गोळी सुटत नाही. माणसं नुसती काहीतरी उचलून इकडून तिकडे नेत असतात. गिरगावातला त्याचा प्रकाशक निमेश दर वेळी विनवतो, "काका, एक तरी खून घाला हो." काका घालत नाहीत. हितेंद्र मेस्त्री हे नाव तुम्ही वाचनालयात पाहिलं असेल, अगदी खालच्या फळीवर, पाठीला सेलोटेप लावलेल्या पुस्तकांत. हेरकथा लिहितो. लालबागच्या आमच्या दोन खोल्यांत बसून त्याने एडन, हाँगकाँग, इस्तंबूल सगळं पालथं घातलंय. पासपोर्टसुद्धा नाही माणसाकडे.

निवृत्त होईपर्यंत तो माझगावला बंदरावर माल मोजून घ्यायच्या कामाला होता. बोटींची नावं, खोक्यांवरचे शिक्के, खलाशांच्या शिव्या, एवढंच त्याचं परदेश. बाकी सगळं चाळीतलं. इस्तंबूलच्या कादंबरीत त्याचा हेर ज्या बिल्डिंगमध्ये लपतो, तिथे मजल्याच्या टोकाला कॉमन संडास आहे आणि सकाळी रांग लागते. मी म्हटलं, "अरे मेल्या, इस्तंबूलला असतो का कॉमन संडास?" तर म्हणतो, "लपलेल्या माणसाला सगळ्यात जास्त भीती कसली? रोज रांगेत तोंड दाखवायची." घरात मी त्याला अरेतुरे करते, लोकांसमोर अहो. आमचं लग्न जमलं गणपतीच्या मांडवात, आणि त्याच मांडवापायी माझं माहेर तुटलं. त्याचीच गोष्ट सांगते.

बाहेरच्यांना आमच्या इथली एक गोष्ट माहीत नसते. मंडळाचा देखावा हे आमच्याकडे गुपित. मूर्ती कशी, भोवती सजावट काय, सगळं पडद्याआड. मांडवाच्या दाराला माणूस बसवलेला. शेजारच्या गल्लीला नुसता वास लागला तरी ते तोच देखावा उचलणार, वर आपल्या आधी पडदा उघडून मोकळे होणार. म्हणून एकमेकांत खबरे घुसवायचे. हसू नका. श्रावणात आमच्याकडे चालायची तेवढी हेरगिरी सरहद्दीवरसुद्धा चालत नसेल.

माझं माहेर वरच्या गल्लीत. माझा थोरला भाऊ बाबूराव तिथल्या मंडळाचा अध्यक्ष, आणि अध्यक्ष म्हणजे काय, वर्षभर त्याच्या डोक्यात दुसरं काही नसायचंच. हितेंद्र खालच्या गल्लीत नुकताच देवगडकडून काकाकडे आलेला. आमच्यात कुणी त्याला ओळखत नव्हतं, म्हणून खालच्या मंडळाच्या रघुने त्यालाच हेरला. "परळला राहतो, सुतारकाम येतं, सेवा करायची आहे," असं सांगून हा आमच्या मांडवात आला आणि दोन महिने गाढवासारखा राबला. मी संध्याकाळी पोरांना चहा घेऊन जायचे. बाकीचे चहापेक्षा माझ्याकडे जास्त बघायचे. हा मान वर करायचा नाही. मला त्याचा इतका राग आला, इतका राग आला, की पुढे लग्नच करावं लागलं.

बाबूदादाने आम्हा सगळ्यांना सांगितलं होतं, यंदा राजवाडा. कार्यकर्त्यांना तेच, आईला तेच. हितेंद्रही राजवाडाच धरून चालला होता.

मग रघुने त्याला गाठला. "काय रे, दोन महिने काय भजनं म्हणतोयस तिथे? काय बनवतायत ते सांग." आता हितेंद्र मनाने आमच्याकडचा झाला होता. कुणामुळे ते मी सांगत नाही. राजवाडा हा शब्द तोंडातून काढायचा नाही, एवढं त्याने ठरवलं. पण काहीतरी सांगायला तर हवं. रघु समोर उभा. आणि याच्या तोंडाला आलं, "समुद्राचा तळ. बाप्पा पाण्याखाली बसलेत आणि भोवती मासे."

रघु खूश. हा त्याहून खूश, कारण खालची गल्ली चुकीच्या रस्त्याला लागली. ते पुठ्ठ्याचे मासे कापायला बसले आणि हा आमच्याकडे येऊन दुप्पट जोमाने खिळे ठोकू लागला.

चतुर्थीच्या आदल्या संध्याकाळी खालच्या गल्लीने पडदा उघडला. निळे दिवे, हलणारं पाणी, मासे. माणूस लोटला नुसता. बाबूदादा बघून आला तो पांढराफटक पडून. आम्हाला कळेना, यांच्या समुद्राचं याला काय? सकाळी आमचा पडदा उघडला, तेव्हा कळलं. आमच्याकडेही समुद्राचाच तळ.

राजवाडा ही थाप होती हो! आपल्यात कुणीतरी खबऱ्या आहे अशी बाबूदादाला शंका होती, म्हणून त्याने आपल्याच माणसांना थाप मारली. खरं काय ते तो आणि मूर्तिकार, दोघांनाच ठाऊक. शेवटची मांडणीसुद्धा त्यांनी दार लावून केली. म्हणजे बघा, माझ्या नवऱ्याने आम्हाला वाचवायला खोटं रचलं आणि नेमकं तेच खरं निघालं.

कसं, ते त्याला स्वतःलाही फार उशिरा उमगलं. दोन महिने तो निळं कापड ताणत होता. राजवाड्यावरचं आभाळ आहे म्हणाले होते. आरशाचे बारीक तुकडे कापले, शीशमहालासाठी. गोणीभर शिंपले धुतले, वाटेवर पसरायला. टेबलफॅन खाली जमिनीला लावले, तोंडं वर करून. राजवाड्याला हे कशाला लागतंय? पण अध्यक्ष राजवाडा म्हणतोय तर राजवाडा. त्याला समुद्र कळला होता, फक्त कळलंय हे कळलं नव्हतं.

पडदा उघडला तेव्हा मी याच्या शेजारी उभी होते. माझ्याइतकाच तोही थिजला होता. ती थिजलेली नजर मी बघितली म्हणून माझा विश्वास बसला. इतरांनी बघितली ती गल्लीतल्या पोरांची टिंगल. "कॉपी, कॉपी" ओरडत पोरं मांडवाभोवती नाचत होती, आणि बक्षिसाच्या स्पर्धेचे परीक्षक हसू दाबत दोन मिनिटांत निघून गेले. माझा भाऊ मूर्तीकडे पाठ करून बसला होता. त्याचं वर्ष मातीमोल झालं होतं, मला त्याचंही वाईट वाटतं.

हितेंद्र गुपचूप सटकला असता तर कुणाला काही कळलंही नसतं. पण हा शहाणा सरळ बाबूदादापुढे गेला आणि सगळं सांगून टाकलं. खालच्या गल्लीचा आहे, खबर काढायला आलो होतो, पण खबर दिली नाही, थाप मारली.

"मग समुद्र तुला कुणी सांगितला?"

"कुणी नाही."

"कुणी नाही सांगितला तर कळला कसा?"

"कळला नव्हता."

दादाने सगळ्यांदेखत त्याच्या कानाखाली जाळ काढला. "चोर तो चोर, वर शिरजोर!" आणि काही महिन्यांनी मी याच चोराशी रजिस्टर लग्न केलं, तेव्हा दादाने चाळीच्या जिन्यात उभं राहून सांगितलं, वरची गल्ली मला बंद. तीसेक वर्षं झाली त्याला. मधल्या दोन गल्ल्या ओलांडायला पाच मिनिटं लागत नाहीत, आणि मी बाजारात जायला वळसा घेते. भाऊबिजेला ताट करायचं सोडलं नाही कधी. ओवाळायला कुणी नाही म्हणून चंद्राला ओवाळते.

हितेंद्र लिहायला लागला तो या थपडेपायी. लोकांना वाटतं, बंदरावर काम केलं म्हणून हेरकथा सुचल्या. बंदराने नुसती गावांची नावं दिली. त्याच्या सात-आठ कादंबऱ्यांत गाठ एकच आहे, तुम्ही काढून बघा. हेर शत्रूच्या माणसांत राहतो, त्यांच्यावर जीव जडतो, त्यांना वाचवायला थाप मारतो आणि थाप खरी निघते. एकदा एडनला, एकदा हाँगकाँगला, एकदा कुठल्याशा बर्फाच्या गावात. आणि दर वेळी वाचकांची पत्रं यायची की बाकी झकास, पण शेवट जुळवलेला वाटतो. निमेशही तेच म्हणायचा, "काका, हा योगायोग झाला. कोण मानणार?" बाकी काही बोला, हितेंद्र हसून सोडून देतो. योगायोग म्हटलं की त्याच्या कानशिलावरची शीर उडायला लागते. "पटेपर्यंत लिहीन," म्हणायचा. "मेलो तरी बेहत्तर."

गेल्या मार्चमध्ये मासळीबाजारात काशी वहिनी भेटली. बाबूदादाची बायको. आम्ही दोघी बाजारात एकमेकींकडे बघून मान हलवतो, त्यापलीकडे तिला घरून परवानगी नाही. त्या दिवशी मात्र ती बांगडे निवडता निवडता माझ्या अंगाला खेटून उभी राहिली आणि माशांकडे बघतच बोलली. चाळ पाडणार. दिवाळीच्या आत खोली खाली करून बदलापूरला भाड्याने जायचं. टॉवर होईल तेव्हा होईल, तोवर कोण जगतंय, कोण मरतंय. मग म्हणाली, "तुझ्या घोवाची सगळी पुस्तकां वाचतत हे. वाचनालयातून माझ्याकडून मागवतत. शिव्या घालतत नि वाचतत."

मी बांगडा हातातून टाकलाच. "कशाला गं?"

"समुद्र कोणी सांगितलो, ता कुठेतरी कबूल केला असात म्हणान. आता डोळ्यांत मोतीबिंदू, काय दिसत नाय. ऑपरेशन नको म्हणतत. हट्टी ते."

मी तशीच घरी आले. मासे ओट्यावर ठेवले आणि हितेंद्रच्या मांडीवरची लिहायची फळी बाजूला काढली. म्हटलं, "तुझा एक वाचक सापडलाय. एकही पुस्तक सोडलेलं नाही त्याने." तो ऐकत गेला आणि त्याचे डोळे भरले. मला दया आली नाही, मला संताप आला. इतकी वर्षं हा ज्याच्यासाठी लिहीत होता, तो खरंच वाचत होता, आणि तरी काही झालं नाही! म्हटलं, "तुझं चुकतं कुठे सांगू? तू शेवटी समजावत बसतोस. त्याला माहीत नव्हतं हो, त्याच्या तोंडून निघालं हो. दादालाही तसंच समजावलंस आणि थोबाडीत खाल्लीस. सांगून पटत नाही रे कुणाला. त्याच्या हातात कापड दे. आरसे दे. वाचणाऱ्याला दोन महिने राबव आणि मग रघुसारखा विचार, की बोल, काय आहे?"

मग त्या वेळी चालू होती ती कादंबरी, अर्ध्याच्या वर झालेली, त्याने उचलून कपाटाखाली सारली.

आख्खा उन्हाळा तो घाम पुसत लिहीत होता. नव्या गोष्टीत एक बोट दुरुस्तीला आली आहे आणि तिच्यावर कामाला घुसलेला सुतार हेर आहे. देखावा नाही, गणपती नाही, लालबाग नाही. हे दादाला वाचून दाखवायचं ठरलं होतं, आणि त्याला संशय आला तर तो पहिल्याच पानावर कान बंद करून घेईल, हे आम्हा दोघांनाही ठाऊक होतं. पहिल्या खेपेला मी गुपित लगेच ओळखलं. "फार दाखवतोयस." मग मी बाद, मला उत्तर माहीत. शेजारच्या श्रेयाला बसवलं, तिने शेवटपर्यंत ओळखलं नाही. "फार लपवतोयस." पुन्हा लिहिलं. मग निलेश वायरमन पंखा दुरुस्त करायला आला, त्याला चहा पाजून ऐकवलं. त्याने नेमक्या जागी पकड खाली ठेवली आणि उत्तर बोलला. हितेंद्रने मिठी मारली त्याला. निलेश घाबरून पैसे न घेताच गेला.

आता राहिलं माझं काम. गणपती झाले आणि मी हस्तलिखित पिशवीत घातलं, वळसा न घेता सरळ वरच्या गल्लीत शिरले. दादा गॅलरीत खुर्ची टाकून बसला होता. किती म्हातारा झाला होता माझा भाऊ! मी उंबऱ्याबाहेर बसले आणि म्हटलं, "नवीन पुस्तक आहे. छापलेलं नाही अजून. तुला दिसत नाही म्हणून वाचून दाखवते. हाकलायचं तर हाकल, उद्या परत येईन."

त्याने आवाजाकडे कान केला. मग आत तोंड करून म्हणाला, "काशी, तिका सांग, मोठ्यान वाच. कान पण गेलेत."

रोज दुपारी मी जायचे. माझ्याशी थेट एक शब्द नाही, सगळं काशी वहिनीमार्फत. "तिका सांग, मागचा पान परत वाच." "तिका सांग, भराभर नको." चहा नाही, पाणीसुद्धा वहिनी त्याची पाठ असताना द्यायची. मी वाचत होते. बोटीवर धान्य न्यायचंय असं सुताराला सांगितलंय. तो बोटीच्या पोटात छातीएवढ्या उंचीच्या फळ्यांचे कप्पे करतो, धान्य एकमेकांत मिसळू नये म्हणून. खाली जमिनीवर आडव्या पट्ट्या ठोकतो, पोती घसरू नयेत म्हणून. चढायचा रस्ता रुंद करून घेतात. प्रत्येक कप्प्याला बादलीसाठी एक आकडा, गड्यांना प्यायला पाणी. वारा खेळावा म्हणून मोठाले पंखे. सुतार सगळं मन लावून करतो. बोटीवरच्या माणसांत मिसळतो, त्यांच्यात जेवतो. मग एका संध्याकाळी त्याला खबर काढायला पाठवणारा मालक त्याला धक्क्यावर गाठतो आणि विचारतो, "बोल, बोटीतून काय चाललंय?"

इथे मी पान मिटलं.

"वाच मा," दादा म्हणाला. थेट मला. त्याच्या लक्षातही आलं नाही.

"तू सांग, काय नेतायत?"

"घोडे!" तो खुर्चीत ताठ झाला. "धान्य खयचा? घोडे नेतत ते! कप्पे कित्याक, पट्टे कित्याक? खूर घसराक नये म्हणान!"

"तुला कुणी सांगितलं, दादा?"

"कोणी सांगूक कित्याक व्हया? दिसता मा सगळा!"

"पुस्तक छापलेलं नाही. शेवट ठाऊक असलेलं माझ्याशिवाय कुणी तुझ्याकडे आलेलं नाही, आणि मी काही बोलले नाही. पुस्तकात सगळे धान्यच म्हणतायत. मग तुला कळलं कसं?"

गॅलरीतून खाली कुणीतरी भंगारवाल्याशी घासाघीस करत होतं. काशी वहिनी दारात येऊन उभी राहिली होती, हात पदराला पुसत.

"पुढे वाच," तो हळू म्हणाला.

मी वाचलं. सुतार मनात म्हणतो, धान्य हा शब्द काढायचा नाही, या माणसांनी मला जेवू घातलंय. काहीतरी खोटं सांगायला हवं. आणि त्याच्या तोंडून निघतं, घोडे.

दादाने दोन्ही हातांनी तोंड झाकून घेतलं. मी त्याला हात लावला नाही. लावला असता तर मीच मोडले असते. मग तो उठला, चाचपडत चपला शोधल्या आणि हात पुढे केला. मी तो धरला. जिना उतरलो, वरच्या गल्लीतून खाली, मधल्या दोन गल्ल्यांतून, लोक बघत होते, बघू देत. खालच्या गल्लीच्या तोंडाशी त्याने माझा हात घट्ट दाबला. मग आला.

हितेंद्र खाटेवर लिहीत बसला होता. आम्हाला बघून उठला, त्याची फळी खाली पडली.

"तुझो हेर मूर्ख आसा," दादा दारातूनच म्हणाला. "परत येऊन सांगाक व्हया होता. एकदा नाय, धा वेळा."

"धा वेळा आलो असतो तर विश्वास ठेवला असता?"

दादाने विचार केला. खरंच केला, मी त्याच्या कपाळाकडे बघत होते. "नाय," म्हणाला आणि आत येऊन खाटेवर बसला.

मी चहा टाकायला ओट्याशी गेले. त्यांचं बाहेर बोलणं चाललं होतं, पुस्तकाचं, घोड्यांच्या पंख्यांचं. मी पदर तोंडात कोंबून रडून घेतलं आणि कप मांडले. दादाला गोड लागतं. पातेल्यात दोन चमचे साखर जास्त घातली.

"मनू," बाहेरून त्याची हाक आली. आईनंतर मला मनू म्हणणारा तो एकटाच. "माका साखर नको हां. डायबिटीस झालो हा."

"कधी रे?"

"झाली की धा-बारा वर्षां."

धा-बारा वर्षं. मी दोन गल्ल्यांवर राहते, आणि मला ठाऊक नव्हतं. मी तो चहा मोरीत ओतला, पातेलं विसळलं आणि बिनसाखरेचं आधण ठेवलं.